प्रवरेकाठी एक दिवस: दायमाबादचे लोक गेले कुठे?

माझी एक मैत्रीण मागच्या वर्षी मेक्सिकोला फिरायला गेली होती. चिचेन इत्सा या माया लोकांच्या प्राचीन शहराची तिनं दिवसभराची गाइडेड टूर घेतली. पायऱ्यापायऱ्यांचं मोठं मंदिर, चेंडूच्या खेळाचं मैदान, चुनखडीतल्या खोल विहिरी, सगळ्याचे भरपूर फोटो पाठवले. पण तिला सगळ्यात जास्त लक्षात राहिलं ते गाइडचं एक वाक्य. कुणीतरी विचारलं, "माया लोक नाहीसे कशानं झाले?" तर तो हसून म्हणाला, "माझी आई घरात मायाच बोलते."

मग मैत्रिणीनं मला विचारलं, "तुमच्या नगरला आहे का गं असं काही? दिवसभर दाखवण्यासारखं?"

आहे ना. फक्त वरून दिसत नाही.

म्हणून जानेवारीतल्या एका रविवारी आम्ही ती टूर केली. एक तुफान गाडी, कॉलेजची नऊ मुलंमुली, इतिहास शिकवून निवृत्त झालेले एक सर आणि मी. इतिहासाची बाजू सरांकडे, विज्ञानाची माझ्याकडे. माझा पीएचडीचा विषय आहे जुना पाऊस, म्हणजे हजारो वर्षांपूर्वी मान्सून कसा होता हे खनिजांवरून ओळखणं. मार्ग सोपा ठेवला: संगमनेरहून निघायचं आणि प्रवरेच्या पाण्याबरोबर खाली खाली जायचं. जोर्वे, दायमाबाद, नेवासा आणि शेवटी प्रवरासंगम.

पहिला थांबा जोर्वे. आज बघायला गेलं तर ते संगमनेर तालुक्यातलं एक साधं गाव आहे. पण १९५०-५१ मध्ये ह. धी. सांकलिया आणि शां. भा. देव यांनी इथं उत्खनन केलं आणि या गावाचं नाव एका अख्ख्या संस्कृतीला मिळालं. तांब्याच्या चपट्या कुऱ्हाडी इथं सापडल्या. त्याहून महत्त्वाची होती ती खापरं: लाल रंगाची, वर काळ्या रेघांची भौमितिक नक्षी, आणि इतकी पक्की भाजलेली की टिचकी मारली तर खणखणतात. अशी खापरं पुढं महाराष्ट्रात दोनशेहून जास्त ठिकाणी मिळाली. तीन-साडेतीन हजार वर्षांपूर्वीचे हे लोक म्हणजे महाराष्ट्रातले आपल्याला माहीत असलेले सुरुवातीचे शेतकरी. घर बांधून, पीक घेऊन, गुरं पाळून एका जागी राहणारे.

तिथून उसाच्या शेतांमधून श्रीरामपूर तालुक्यात आलो. भंडारदऱ्याचं धरण १९२६ साली पूर्ण झालं, कालवे आले आणि या पट्ट्याचा चेहराच बदलला. आज रस्त्याच्या दोन्ही बाजूंना ऊस. दायमाबादच्या त्या शेतकऱ्यांनी इथं सातू, मसूर, वाटाणा पिकवला होता, हे मुलांना सांगितलं तेव्हा कुणाला पटेना.

दायमाबादला उतरलो आणि पाचव्या मिनिटाला एकानं विचारलंच, "ताई, पण बघायचं काय हितं?"

प्रश्न बरोबर होता. समोर नदीकाठचं एक उंचवट्याचं रान, बाभळी, थोडं गवत. मंदिर नाही, खांब नाही, तिकीटखिडकी तर नाहीच. सर म्हणाले, "खाली बघा. मातीचा रंग कसाय?" आजूबाजूचं शेत काळं होतं आणि उंचवटा राखाडी, फिकट. आपल्याकडे याला फार जुना शब्द आहे, पांढरी. शेताची ती काळी, वस्तीची ती पांढरी. माणसं पिढ्यान्‌पिढ्या एका जागी राहिली की चुलीची राख, शेण, पडलेल्या भिंतींची माती साचत जाते आणि जमीन पांढरट होते. पुरातत्त्वातल्या लोकांची वस्ती शोधण्याची ही पहिली खूण. मग मुलं खाली वाकून बघायला लागली आणि दहा मिनिटांत प्रत्येकाला खापराचे तुकडे दिसले. (बघायचे, फोटो काढायचे, उचलायचे नाहीत. हे आधीच बजावलं होतं.)

ही जागा ब. पु. बोपर्डीकरांनी १९५८ मध्ये शोधली. पुढं भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागानं तीनदा उत्खनन केलं: आधी म. न. देशपांडे, नंतर १९७४-७५ मध्ये एस. आर. राव आणि १९७५ ते १९७९ एस. ए. साळी. एकावर एक पाच वस्त्या निघाल्या. सगळ्यात खाली सावळदा संस्कृती, साधारण इ.स.पू. २२००. तिच्यावर उत्तर हडप्पा, मग खास दायमाबादची म्हणून ओळखली जाणारी, मग माळवा आणि सगळ्यात वर जोर्वे. हडप्पा थरात सिंधू लिपीची चिन्हं असलेल्या बटणाच्या आकाराच्या मुद्रा आणि खापरं मिळाली. सिंधू खोऱ्यातली शहरं विरत चालली होती, त्या काळात त्यांच्याशी नातं असलेली माणसं पार प्रवरेपर्यंत येऊन राहिली होती. जोर्वे काळात तर गावाचा विस्तार सुमारे ३० हेक्टर झाला आणि भोवती बुरुजांची मातीची तटबंदीही होती.

दायमाबादचं नाव जगभर झालं ते मात्र उत्खननामुळे नाही. १९७४ मध्ये एका स्थानिक भिल्ल शेतकऱ्याला झुडपाचं मूळ खणताना काशाच्या चार वस्तू सापडल्या: बैलजोडी जुंपलेला ४५ सेंटिमीटर लांबीचा रथ आणि तो हाकणारा माणूस, चाकांवरचा रेडा, हत्ती आणि गेंडा. आज त्या दिल्ली-मुंबईच्या संग्रहालयांत आहेत. एकीनं विचारलं, "म्हणजे आपल्या गावचा गेंडा बघायला आपण तिकीट काढून जायचं?" सर नुसतेच हसले. या वस्तूंच्या काळावर वादही आहे. उत्खननकर्त्यांनी त्या उत्तर हडप्पा काळातल्या मानल्या. पण डी. पी. अग्रवाल यांनी धातूचं विश्लेषण केलं, त्यात एक टक्क्याहून जास्त आर्सेनिक निघालं. ताम्रपाषाण काळातल्या इतर वस्तूंमध्ये असं मिश्रण दिसत नाही, म्हणून या बऱ्याच नंतरच्या असाव्यात असं त्यांचं म्हणणं. वस्तू जमिनीतून शिस्तीत, थराची नोंद करून न निघाल्यानं हा वाद मिटवणं अवघड आहे.

दुपारी बाभळीखाली भाकरी, ठेचा, पिठलं. आणि तिथंच तो प्रश्न आला, ज्याची मी सकाळपासून वाट बघत होते: "एवढं मोठं गाव होतं, तर लोक गेले कुठे?"

पाठ्यपुस्तकी उत्तर तयार असतं: इ.स.पू. १००० च्या सुमारास पाऊस कमी झाला, दुष्काळ पडला, वस्ती उठली. या उत्तरामागे चांगला अभ्यास आहे. पुणे जिल्ह्यात घोड नदीकाठी इनामगावला म. के. ढवळीकर आणि सहकाऱ्यांनी बरीच वर्षं उत्खनन केलं. तिथं आधीच्या काळात मोठी चौकोनी घरं, धान्याचं कोठार, पुराचं पाणी वळवणारा कालवा दिसतो. नंतरच्या काळात लहान गोल झोपड्या येतात, शेती घटते, शेळ्या-मेंढ्या आणि शिकार वाढते. ढवळीकरांनी याचा संबंध कोरड्या होत गेलेल्या हवामानाशी जोडला.

आता माझ्या विषयाचा भाग. पाऊस मोजायचं यंत्र तेव्हा नव्हतं, पण तलाव होते. पाऊस कमी झाला की तलाव आटतो, पाण्यातले क्षार दाट होतात आणि काही खनिजांचे स्फटिक होऊन तळाशी बसतात. वर्षानुवर्षांचा गाळ म्हणजे तलावानं ठेवलेली वहीच. मेक्सिकोतल्या चिचनकानाब तलावाच्या गाळात १९९५ मध्ये असंच जिप्सम मिळालं आणि माया शहरं ओस पडली त्याच सुमाराला मोठे दुष्काळ पडल्याचं दिसलं. २०१८ च्या अभ्यासानुसार तिथला पाऊस तेव्हा सरासरी निम्म्याच्या आसपास घटला होता.

आपल्याकडे अशी वही आहे लोणारला. तिथल्या गाळात कोरड्या काळाची खूण म्हणजे गेलुसाइट नावाचं खनिज. भारतीय आणि जर्मन संशोधकांनी ती वाचली, तेव्हा दोन लांबलचक कोरडे काळ दिसले: एक आजपासून ४६०० ते ३९०० वर्षांपूर्वी, दुसरा २००० ते ६०० वर्षांपूर्वी.

मी वहीवर एक आडवी रेघ काढली, हे दोन काळ दाखवले आणि मुलांना म्हटलं, यावर दायमाबाद बसवा. गाव वसलं साधारण ४२०० वर्षांपूर्वी. उठलं ३००० वर्षांपूर्वी.

जरा वेळानं एकजण म्हणाला, "ताई, उलटंच झालं की. वसलं दुष्काळात आणि उठलं तेव्हा दुष्काळच नाही."

मीही पहिल्यांदा हे बघितलं तेव्हा अशीच चक्रावले होते. पण लगेच "दुष्काळ पडलाच नाही" असं म्हणता येत नाही. लोणार इथून लांब आहे. शिवाय गाळाची वही बारीक अक्षरात लिहिलेली नसते. तिच्यात शतकांचा कोरडेपणा दिसतो, ओळीनं तीन वर्षं पाऊस न पडणं सहसा दिसत नाही. आणि गाव उठायला तीन वर्षं पुरतात.

हे मला पुस्तकातून कळलेलं नाही. माझी आजी पाथर्डीकडची. बहात्तरच्या दुष्काळात आमच्या घराला दीड वर्ष कुलूप होतं. आजोबा मुंबईला हमालीला, आजी दोन लेकरं घेऊन खडी फोडायला, तिथं मिळणाऱ्या सुकडीवर दिवस काढलेले. उद्या कुणी आमचं घर खणलं तर त्या दीड वर्षाचा धुळीचा पातळ थर मिळेल, कदाचित तोही नाही. आमचे लोक परत आले, कारण सरकारी काम निघालं, रेशन आलं, मुंबई होती. शेजारची दोन घरं आलीच नाहीत. पाऊस तर तिन्ही घरांवर सारखाच पडला नव्हता.

म्हणून मला वाटतं, "दुष्काळ पडला म्हणून संपले" हे उत्तर अर्धं आहे. पाऊस किती पडला हे गाळ सांगेल. कोठारातलं धान्य कुणाला मिळालं, कालवा कुणी दुरुस्त केला, जायला दुसरी जागा कुणाकडे होती, हे गाळ सांगणार नाही. नेवासा, दायमाबाद आणि इनामगावच्या लहान मुलांच्या हाडांचा अभ्यास ग्वेन रॉबिन्स शुग यांनी केला. इनामगावच्या शेवटच्या काळातल्या मुलांची वाढ खुंटलेली दिसली, आणि तरीही हवामान बदललं म्हणून सगळं कोसळलं या सरळ समीकरणावर त्यांनी शंका घेतली. माझ्या प्रबंधातही ही रेघ ओढताना मी दहादा थांबते.

उन्हं उतरायच्या आत नेवाशाला पोचलो. नेवासा म्हटलं की सगळ्यांना ज्ञानेश्वरी आणि पैसाचा खांब आठवतो. पण इथल्या लाडमोड टेकाडावर १९५४ ते ५६ मध्ये उत्खनन झालं. जोर्वे काळात मूल गेलं की दोन मडकी तोंडाला तोंड लावून त्यात ठेवायचे आणि घरातच जमिनीखाली पुरायचे. इथल्या एका लेकराच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ होती, धाग्याचे अवशेष अजून शिल्लक असलेली. मुलं इथं एकदम गप्प झाली.

नेवाशातही ताम्रपाषाण वस्तीनंतर काही शतकं कुणीच राहत नव्हतं. मग वरच्या थरात पुन्हा माणसं दिसतात, सातवाहनांचा काळ येतो, रोमशी व्यापार झाल्याच्या खुणा येतात. ती जुन्यांचीच लेकरं होती की दुसरीच कुणी, हे खापरावरून सांगता येत नाही.

प्रवरासंगमाला पोचेस्तोवर अंधारत आलं होतं. इथं प्रवरा गोदावरीला मिळते आणि समोर जायकवाडीच्या फुगवट्याचं पाणी पसरलेलं असतं. वरच्या धरणांतून खाली किती पाणी सोडायचं यावर नगर आणि मराठवाड्यात दर कमी पावसाच्या वर्षी भांडण पेटतं, हे इथं कुणाला सांगावं लागत नाही. गाडीतल्या दोघांचे मामा त्या काठाला आणि घर या काठाला.

परतताना मैत्रिणीला फोटो पाठवले: राखाडी माती, एक खापर, बाभळ. तिचा मेसेज आला, "यात काय आहे?"

मी लिहिलं, "सुट्टीत ये. दिवसभर लागेल."