मेस्सी-रोनाल्डोच्या यादीत नाव लागलेल्या सुनील छेत्रीला परदेशात मात्र कुणी खेळूच दिलं नाही, असं का झालं?

सुनील छेत्री हे नाव आता फुटबॉल न बघणाऱ्यालाही माहिती आहे. ६ जून २०२४ ला कोलकात्याच्या सॉल्ट लेक स्टेडियमवर कुवेतविरुद्ध खेळून त्याने निवृत्ती घेतली, तेव्हा त्याच्या नावावर देशासाठी ९४ गोल होते. त्या वेळी खेळत असलेल्या पुरुष खेळाडूंमध्ये त्याच्या पुढे फक्त दोघं होते, रोनाल्डो आणि मेस्सी. त्या यादीचे फोटो तुम्ही पण फॉरवर्ड केले असतील.

पण याच छेत्रीने तीन वेळा परदेशी क्लबशी हातमिळवणी केली आणि तिन्ही मिळून तो एक अख्खा हंगामसुद्धा धड खेळला नाही. मग प्रश्न पडतोच, गडी कमी पडला की गणित चुकलं?

तर सुरुवात होते २००८ पासून. दिल्लीत एएफसी चॅलेंज कपची फायनल होती, समोर ताजिकिस्तान. छेत्रीने हॅटट्रिक मारली, भारत ४-१ ने जिंकला आणि २०११ च्या आशिया कपचं तिकीट मिळालं. सिकंदराबादला जन्मलेला, वडील लष्करात आणि आई नेपाळकडून फुटबॉल खेळलेली. २४ वर्षांचं हे पोरगं एका रात्रीत देशाचा मुख्य स्ट्रायकर झालं.

पुढच्याच वर्षी लंडनच्या क्वीन्स पार्क रेंजर्सने त्याला तीन वर्षांचा करार देऊ केला. क्लबला खेळाडू पसंत होता, खेळाडूला क्लब. आडवा आला तो सरकारी कागद.

इंग्लंडमध्ये तेव्हा बाहेरच्या खेळाडूला वर्क परमिट मिळवायचं तर दोन मुख्य अटी होत्या. त्याने देशाच्या बहुतेक स्पर्धात्मक सामन्यांत खेळलेलं असावं, आणि तो देश फिफाच्या क्रमवारीत पहिल्या ७० मध्ये असावा. पहिली अट छेत्रीला जड नव्हती. दुसरी त्याच्या हातातच नव्हती. भारत तेव्हा दीडशेच्या आसपास होता. परमिट नाकारलं गेलं, विषय संपला.

नीट बघितलं तर तेव्हाचा हा नियम विचित्र होता. इथे खेळाडूची परीक्षा होतच नव्हती, त्याच्या देशाची व्हायची. बाकीचे दहा जण, फेडरेशन, मैदानं, शालेय स्पर्धा या सगळ्याचे मार्क एकट्याच्या प्रगतिपुस्तकावर चढायचे.

छेत्री गोव्यात डेम्पोकडे आला. डेम्पोने त्या हंगामात आय-लीग जिंकली, पण तोवर छेत्री पुन्हा परदेशी निघाला होता. मार्च २०१० मध्ये त्याने अमेरिकेच्या कॅन्सस सिटी विझार्ड्सशी करार केला.

इथे परमिटचा प्रश्न नव्हता, प्रश्न होता टीममध्ये जागा मिळण्याचा. यूएस ओपन कपमध्ये त्याला संधी मिळाली. जुलैमध्ये मँचेस्टर युनायटेडविरुद्ध मैत्रीपूर्ण सामना झाला, पन्नास हजारांवर लोक आले होते. छेत्री बदली खेळाडू म्हणून उतरला आणि कॅन्ससने तो सामना २-१ ने जिंकला. ऐकायला भारी वाटतं, पण मेजर लीग सॉकरच्या प्रत्यक्ष लीगमध्ये त्याला एक मिनिटही मिळालं नाही. तिकडे आशिया कपसाठी बॉब हॉटन भारतीय संघाची लांबलचक शिबिरं घेत होते. क्लबमध्ये बाकावर बसायचं की देशासाठी खेळायचं, यात छेत्रीने काय निवडलं असेल ते सांगायला नको. जानेवारी २०११ मध्ये दोह्यात त्याने बहरीन आणि दक्षिण कोरिया या दोघांविरुद्ध गोल केले. भारत दोन्ही सामने हरला, पण समोर कोण होतं तेही बघा.

तिसरा प्रयत्न सगळ्यात मोठा होता. २०१२ मध्ये पोर्तुगालच्या स्पोर्टिंग क्लबने त्याला दोन वर्षांसाठी घेतलं. फिगो आणि रोनाल्डो ज्या अकादमीतून आले तो हा क्लब. इकडे पेपरात मोठमोठे मथळे झाले.

तिकडे काय झालं ते छेत्रीने पुढे स्वतःच मुलाखतींत सांगितलंय. थोड्याच दिवसांत मुख्य प्रशिक्षकांनी त्याला सांगितलं की तू या पातळीचा नाहीस, ‘ब’ संघात जा. आणि ते बरोबरच बोलत होते, असंही छेत्री म्हणतो. तिथला खेळाचा वेग त्याने तोवर पाहिलाच नव्हता. आपल्याकडचे स्टार इतकं सरळ सहसा बोलत नाहीत, म्हणून हे महत्त्वाचं.

स्पोर्टिंगचा ‘ब’ संघ दुसऱ्या श्रेणीच्या लीगमध्ये होता. छेत्रीला तिथे तीन सामने मिळाले, तेही बदली म्हणून. फेब्रुवारी २०१३ मध्ये तो लोनवर पुन्हा गोव्यात आला, या वेळी चर्चिल ब्रदर्सकडे, आणि चर्चिलने आय-लीग मारली. म्हणजे लिस्बनमध्ये बाकावर बसलेला माणूस मडगावात चॅम्पियन. दोन लीगमधलं अंतर यातच कळतं.

हे एकट्या छेत्रीचं नाही. १९३६ मध्ये कोलकात्याचा मोहम्मद सलीम स्कॉटलंडच्या सेल्टिककडून अनवाणी पायांनी खेळला, लोकांनी डोक्यावर घेतलं, पण घरची आठवण येऊन तो परतला. १९९९ मध्ये बायचुंग भुतिया इंग्लंडच्या बरी क्लबमध्ये गेला. तो क्लब तेव्हा तिसऱ्या पातळीवर होता. लीगमध्ये ३७ सामने आणि ३ गोल, त्यात गुडघ्याची दुखापत.

याउलट गोलकीपर गुरप्रीत सिंग संधू २०१४ मध्ये नॉर्वेच्या स्टाबेकमध्ये गेला, टिकला आणि युरोपा लीगमध्ये खेळणारा पहिला भारतीय ठरला. स्ट्रायकरचं दुखणं वेगळं आहे. आपल्या क्लबना परदेशी खेळाडूंचा ठरावीक कोटा असतो आणि तो बहुतेक वेळा गोल करणाऱ्या जागेवरच खर्च होतो. भारतीय पोरं कडेला ढकलली जातात. स्वतः छेत्रीसुद्धा क्लबकडून बराच काळ विंगवर खेळलाय. ज्या जागेवर घरीच रोज खेळायला मिळत नाही, त्या जागेसाठी युरोपात कोण बोलावणार?

परत आल्यावर छेत्री नव्या बेंगळुरू एफसीचा कर्णधार झाला. पहिल्याच हंगामात आय-लीग, पुढे इंडियन सुपर लीग. परदेशी क्लबचं दार त्याने नंतर ठोठावलं नाही.

मार्च २०२५ मध्ये मालदीवविरुद्धच्या सामन्यासाठी त्याला निवृत्तीतून परत बोलावलं. वय ४०. तेव्हाही त्याने हेडर मारून गोल केला, कारण देशाला त्या जागेसाठी दुसरा स्ट्रायकर सापडत नव्हता.