‘पहिली’ लक्षात राहिली, पुढची सदुसष्ट वर्षं विसरलो : कमलाबाई गोखले

धान निघालं की आमच्या मुलचेऱ्याकडे झाडीपट्टी नाटकांचे भोंगे वाजायला लागतात. वडशाची कंपनी येते आणि नाटक पहाटेपर्यंत चालतं. गेल्या हिवाळ्यात अशाच एका नाटकात सासूचं काम करणाऱ्या बाईंनी अख्खा मंडप रडवला. सकाळी टपरीवर विचारलं, त्या बाई कोण हो? हिरोईनचं नाव सगळ्यांना पाठ होतं, सासूबाईंचं कुणालाच माहीत नव्हतं. म्हणून आजची गोष्ट कमलाबाई गोखल्यांची.

तुम्ही म्हणाल, त्या तर प्रसिद्ध आहेत! स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात आहेत ना, भारतीय सिनेमातल्या पहिल्या नायिका म्हणून. बरोबर आहे. पण गडबड तिथेच आहे.

आधी ते ‘पहिलं’ काय, ते पाहू. 1913 मध्ये दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ केला, तेव्हा तारामतीच्या कामाला बाई मिळेना. शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाला लुगडं नेसवलं. पुढच्या ‘मोहिनी भस्मासुर’ला मात्र दोन बाया मिळाल्या. आई दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि तेरा-चौदा वर्षांची लेक कमला मोहिनी. मायलेकी आधीपासून नाटकात होत्या. नाटकात काम करणारी बाई म्हणजे वाया गेलेली, असं मानायचे तेव्हा. त्यामुळे गमावण्यासारखी ‘इभ्रत’ लोकांनी त्यांच्याकडे ठेवलीच नव्हती.

आपली माहिती इथं संपते. आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांच्या भाषेत सांगायचं, तर डेटाबेसमध्ये या बाईंच्या नावापुढे एकच कॉलम भरलाय, बाकी सगळे रिकामे.

खरं करिअर तर पुढे आहे. लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी. तेही नाटकातलेच. दोघं ‘चित्ताकर्षक नाटक कंपनी’त होते. पण पंचविशीच्या आसपास कमलाबाईंना वैधव्य आलं, पदरात मुलं. त्या काळात विधवेनं घराबाहेर पडणंच अवघड, आणि या बाईंना तोंडाला रंग लावून रंगमंचावर उभं राहायचं होतं. दुसरा मार्गच नव्हता. ‘मनोहर स्त्री संगीत मंडळी’त सगळ्या भूमिका बायाच करायच्या, तिथं त्या पुरुष झाल्या. गंमत बघा, फाळक्यांना बाई मिळेना म्हणून पुरुष बाई झाला होता; आता पोटासाठी बाई पुरुष झाली!

त्यातूनच तीन मुलं वाढवली. चंद्रकांत गोखले नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे गेले. चंद्रकांतांचा मुलगा म्हणजे आपले विक्रम गोखले. या घराण्याचं कौतुक आपण करतो, पण त्याचा चुलीचा खर्च कुणी भागवला, हे सांगत नाही.

सिनेमाही सुटला नाही. मूकपट गेले, बोलपट आले, रंगीत आले. बाई साधारण पस्तीसेक चित्रपटांत दिसल्या. पुढेपुढे लहान कामं, म्हाताऱ्या बायांची. शेवटचा ‘गहराई’, 1980 चा. तेव्हा त्या ऐंशीच्या घरात. 1913 ते 1980, सदुसष्ट वर्षं! नव्वदीला पोचल्यावर रीना मोहन यांनी ‘कमलाबाई’ हा माहितीपट केला, म्हणून त्यांचा आवाज आणि त्यांचं बोलणं तरी आपल्याकडे राहिलं.

मला वाटतं, ‘पहिली’ होणं हा थोडा योगायोग होता. फाळक्यांना बाई हवी होती, ही पोर तयार होती. पण नंतरची सगळी वर्षं रोज उठून कामावर जाणं, हा योगायोग नाही. आणि त्याची नोंद आपण ठेवत नाही. कमलाबाईंचा निदान एक कॉलम भरलाय. झाडीपट्टीत वर्षानुवर्षं आई, सासू, आत्या करणाऱ्या बायांचा तर तोही नाही.

येत्या हंगामात मी मध्यंतराला पडद्यामागे जाणार आहे, वही घेऊन. नाव काय, पहिलं नाटक कोणतं, कोणत्या वर्षी, एवढंच विचारायचं. तुमच्या गावात नाटक आलं, तर तुम्हीही विचारा आणि मला कळवा. चला, भेटू पुढच्या भागात!