गुर्टू, त्रिलोक : ध्वनिमुद्रित संगीत

गुर्टू, त्रिलोक : (३० ऑक्टोबर १९५१– ). भारतीय तालवादक आणि संगीतरचनाकार. जन्म मुंबईत. तबला, ड्रम, घुंगरू, शंखशिंपले, पाण्याने भरलेली बादली अशी वाद्ये एकाच बैठकीत वाजवणारे कलावंत म्हणून ते जगभर ओळखले जातात. १९७० च्या दशकापासून ते प्रामुख्याने युरोपात वाजवत आले आहेत. त्यांची स्वतःच्या नावावरची ध्वनिमुद्रणे १९८८ पासून प्रसिद्ध होत गेली. तालवादकाला साथीदार न मानता रचनाकार मानायला लावणारे काम म्हणून या ध्वनिमुद्रणांचे मोल आहे. मराठी संगीतलेखनाने त्यांच्या आईला, गायिका शोभा गुर्टू यांना, मनापासून स्वीकारले, मुलाच्या तबकड्या मात्र तितक्या लक्ष देऊन ऐकल्या गेल्या नाहीत. वास्तविक त्यांतल्या महत्त्वाच्या तबकड्यांचा धागा आईच्या गाण्यातूनच निघतो.

घराणे आणि जडणघडण : आई ठुमरीगायिका शोभा गुर्टू (१९२५–२००४). त्या माहेरच्या भानुमती शिरोडकर, जन्म बेळगावचा. आजी मेनकाबाई शिरोडकर या नृत्यांगना होत्या आणि जयपूर-अत्रौली घराण्याच्या अल्लादियाखाँकडे गाणे शिकल्या होत्या. लग्नानंतर शोभाताई ज्या घरात आल्या तिथेही संगीत होतेच. सासरे नारायणनाथ गुर्टू हे बेळगावात पोलीस खात्यात वरच्या हुद्द्यावर होते. ते व्यासंगी होते आणि सतार वाजवत. शोभाताईंचा आवाज मराठी रसिकाला ‘सामना’ (१९७५) या चित्रपटातून आणि असंख्य मैफलींतून परिचित आहे. त्यांना २००२ मध्ये पद्मभूषण मिळाले. त्रिलोक यांचे थोरले बंधू रवी हेही तालवादक. तबल्याचे पहिले धडे त्रिलोक यांना आईकडूनच मिळाले. पुढे शाह अब्दुल करीम यांच्याकडे त्यांचे रीतसर शिक्षण झाले.

ठुमरीच्या घरात वाढलेल्या तबलजीचा पिंड ख्यालाच्या संगतीत घडलेल्यापेक्षा वेगळा असतो. दीपचंदीच्या चौदा मात्रांत गायिका एकाच ओळीचे बोल नाना तऱ्हांनी रंगवत असते, तेव्हा तबल्याने संथ ठेका धरून श्वासही न लागू देता मागे राहायचे असते. बोलबनाव संपला, स्थायी पुन्हा आली आणि लय केरव्यात दुप्पट झाली की लग्गी सुरू होते. आता मैदान तबल्याचे. गायिका मुखडा धरून ठेवते आणि तबलजी मनसोक्त वाजवून तिहाई घेऊन समेवर येतो. आधी आवरून धरणे आणि मग एकदम मोकळे सुटणे हा लग्गीचा न्याय त्रिलोक यांच्या जवळपास प्रत्येक चांगल्या ध्वनिमुद्रणात ऐकू येतो. सोबत गिटार असो की सॅक्सोफोन, रचनेचा आराखडा बहुधा ठुमरीच्या बैठकीचाच असतो.

तबकड्यांपासून घेतलेले शिक्षण : मुंबईत त्यांनी पाश्चात्त्य संगीत तबकड्यांवरून ऐकून उचलले. एका वाद्याचे वादन टेपवर घेतल्यावर त्याच्यावर दुसरे, तिसरे वादन चढवता येते, या ओव्हरडबिंगच्या सोयीची त्यांना तेव्हा कल्पना नव्हती. जिमी हेंड्रिक्सवरच्या १९९५ च्या एका दूरचित्रवाणी कार्यक्रमात त्यांनी स्वतःच हे सांगितले आहे. तबकडीवर जे ऐकू येते ते एका माणसाने एका वेळी वाजवलेले आहे असे धरून त्यांनी तीन-चार जणांची कामे एकट्याच्या हातांत बसवली. पुढे त्यांचे वादन ऐकून एवढे आवाज कुठून येतात असा प्रश्न पडतो, त्याचे मूळ या तालमीत आहे.

त्यांची वाद्यांची मांडणीही याच गरजेतून आलेली दिसते. पाश्चात्त्य ड्रमवादक स्टुलावर बसतो आणि पायाने मोठा ढोल वाजवतो. गुर्टू ड्रम आणि झांजा जमिनीलगत मांडतात आणि जवळजवळ गुडघे टेकून बसतात. त्यामुळे तबला, ड्रम आणि झांजा एकाच उंचीवर येतात आणि बोटांवरून काठीवर, काठीवरून पुन्हा बोटांवर जायला क्षणही लागत नाही. झांज किंवा शिंपल्यांची माळ वाजवता वाजवता ते पाण्याच्या बादलीत बुडवतात; आवाज खाली घसरत जातो आणि वर काढताच पुन्हा चढतो. तालवाद्यातून मींड काढण्याची ही युक्ती तबल्याच्या डग्ग्यावर मनगट दाबून काढलेल्या घिश्शाची थेट आठवण करून देते.

युरोपातील सुरुवात : ड्रमवादक म्हणून त्यांचे सर्वांत आधीचे एक ध्वनिमुद्रण म्युनिकच्या ‘एम्ब्रियो’ या वाद्यवृंदाच्या ‘अपो-कॅलिप्सो’ (१९७७) या अल्बमवर आहे. याच अल्बमवर शोभाताईही गायल्या आहेत. जर्मन रॉक वाद्यवृंदाच्या तबकडीवर आई आणि मुलगा एकत्र ही त्या काळी अपूर्वाईची गोष्ट होती, पण आईचा आवाज तिथे नुसत्या शोभेसाठी ठेवलेला नाही. अमेरिकन सॅक्सोफोनवादक चार्ली मॅरियानो आणि ट्रम्पेटवादक डॉन चेरी यांची सोबत याच दशकातली. चेरी यांनी गुर्टूंना फार काही दिले. जाझ ही घोटून पाठ करायची शैली नसून जगातल्या कोणत्याही वादकाशी बोलता येण्याची रीत आहे, ही चेरी यांची भूमिका गुर्टूंच्या पुढच्या सगळ्या कामात आहे. १९७८ मध्ये बासवादक बार फिलिप्स यांच्या ‘थ्री डे मून’वर ते नॉर्वेचे गिटारवादक तेर्ये रिप्डाल यांच्यासोबत वाजवतात. हा अल्बम म्युनिकच्या ईसीएम कंपनीचा. याच कंपनीने १९८५ मध्ये काढलेल्या एल. शंकर यांच्या ‘साँग फॉर एव्हरीवन’मध्ये यान गारबारेक यांचा सॅक्सोफोन आहे, तर तालाची बाजू झाकिर हुसेन आणि त्रिलोक गुर्टू मिळून सांभाळतात. मुंबईतच वाढलेले दोन समवयस्क तालवादक एका तबकडीवर कसे वाटणी करून घेतात, हे ऐकण्यासाठी हे ध्वनिमुद्रण जरूर मिळवावे.

‘ओरेगॉन’ : अमेरिकेच्या ‘ओरेगॉन’ या चौघांच्या वाद्यवृंदातले कॉलिन वॉलकॉट सतार रविशंकरांकडे आणि तबला अल्लारखाँकडे शिकले होते. नोव्हेंबर १९८४ मध्ये पूर्व जर्मनीत मोटार अपघातात त्यांचा मृत्यू झाला. काही काळाने त्यांच्या जागी गुर्टू आले. ‘इकोटोपिया’ (१९८७), ‘फॉर्टीफिफ्थ पॅरलल’ (१९८९) आणि ‘ऑल्वेज, नेव्हर अँड फॉरेव्हर’ (१९९१) हे तीन अल्बम या सहवासाचे फलित. राल्फ टाउनर यांची गिटार आणि पॉल मॅक्कँडलेस यांचा ओबो यांच्यासोबत जोरकस वाजवायला वावच नव्हता. इथे गुर्टू लग्गीच्या आधीचे तबलजी आहेत. दिवंगत मित्राच्या जागी बसताना त्याची नक्कल न करणे आणि त्याला पुसूनही न टाकणे ही अवघड गोष्ट त्यांनी या तीन अल्बमांत साधली.

‘उस्फ्रेट’ आणि सीएमपीचा काळ : स्वतःच्या नावाचा पहिला अल्बम ‘उस्फ्रेट’ १९८८ मध्ये जर्मनीच्या सीएमपी कंपनीकडून आला. त्यावर एल. शंकर, डॉन चेरी, राल्फ टाउनर, बासवादक योनास हेलबोर्ग आणि फ्रेंच पियानोवादक दानिएल गॉयोन आहेत. आणि शोभा गुर्टू आहेत. ‘शोभारॉक’ ही त्यातली रचना आईलाच समोर ठेवून बेतलेली आहे. अर्वाचीन वाद्यमेळात हिंदुस्थानी आवाज वापरण्याचे बहुतेक प्रयत्न एकाच ठिकाणी फसतात. गायकाला चार ओळींचा आलाप म्हणायला लावून तो पार्श्वभूमीला चिकटवला जातो. इथे तसे नाही. शोभाताई आपल्या नेहमीच्या भरदार आवाजात, नेहमीच्या ठसक्याने गातात आणि ड्रम, बास त्यांच्या लयीला येऊन मिळतात. मुलाने लहानपणापासून ज्या आवाजाला साथ केली त्याची प्रत्येक जागा त्याला ठाऊक होती. बास कुठे थांबवायचा आणि ड्रम कुठे सोडायचा, हे त्यामुळे अचूक जमले आहे. या लेखकाच्या मते भारतीय कंठसंगीत आणि पाश्चात्त्य तालसंच यांच्या मेळाची इतकी नैसर्गिक ध्वनिमुद्रणे फार थोडी आहेत.

‘लिव्हिंग मॅजिक’ (१९९१) अधिक शांत आहे. त्यात गारबारेक, ब्राझीलचे तालवादक नाना व्हास्कॉन्सेलोस आणि वीणावादक शांती राव आहेत. तालवादकाच्या अल्बमवर दुसऱ्या थोर तालवादकाला बोलवावे आणि त्याला भरपूर जागाही द्यावी, हा मोठेपणा इथे दिसतो. ‘क्रेझी सेंट्स’ (१९९३) हा या काळातला सर्वांत गाजलेला अल्बम. कीबोर्डवादक जो झाविनुल, गिटारवादक पॅट मेथेनी, फ्रेंच क्लॅरिनेटवादक लुई स्क्लाव्हिस आणि डच चेलोवादक अर्न्स्ट राइसेगर अशी मंडळी त्यावर आहेत आणि शोभाताईही पुन्हा आहेत. नावे मोठी असली तरी अल्बम नावांचा राहत नाही, कारण रचना आधी ठरलेल्या आहेत आणि पाहुणे त्यांच्यात बसवलेले आहेत. तिहाईचा उपयोग तर मुद्दाम ऐकण्यासारखा. तबल्यात एक बोल तीनदा घेऊन समेवर येणे ही गोष्ट ऐकणाऱ्याला ओळखीची असते. गुर्टू मात्र तिहाई अनेकदा सगळ्या वाद्यांत वाटून देतात. म्हणजे ताल नुसता धरला जात नाही, धुनच तालातून तयार होते. अमेरिकेच्या ‘डाउनबीट’ मासिकाच्या समीक्षकांनी या दशकात त्यांना सर्वोत्तम तालवादक म्हणून अनेकदा निवडले. ‘बिलीव्ह’ आणि ‘बॅड हॅबिट्स डाय हार्ड’ (१९९६) यांत त्यांचा कायमचा वाद्यवृंद अधिक ऐकू येतो आणि फंकचा बाज वाढतो.

जॉन मॅक्लॉफलिन त्रिकूट : इंग्रज गिटारवादक मॅक्लॉफलिन यांनी १९७० च्या दशकात ‘शक्ती’मध्ये झाकिर हुसेन, एल. शंकर आणि विक्कू विनायकराम यांच्यासोबत वाजवले होते. १९८० च्या दशकाअखेरीस त्यांनी गिटार, बास आणि ताल असे तिघांचेच पथक बांधले. तालाची जबाबदारी गुर्टूंकडे होती. ‘लाइव्ह ॲट द रॉयल फेस्टिव्हल हॉल’ हे २७ नोव्हेंबर १९८९ रोजी लंडनमध्ये झालेल्या मैफलीचे ध्वनिमुद्रण. बासवर काय एकहार्ट. गुर्टूंच्या वादनाची खरी कसोटी पाहायची तर ती इथे पाहावी. मंचावर वादनावर वादन चढवण्याची सोय नसते. जे आहे ते त्या क्षणी दोन हातांनी झालेले आहे. मुंबईत तबकड्या ऐकून जे अशक्य ते शक्य मानले होते, ते इथे हजारो श्रोत्यांसमोर घडते. ‘ब्लू इन ग्रीन’ ही माइल्स डेव्हिस यांच्या १९५९ च्या अल्बममुळे सर्वांना माहीत असलेली रचना हे त्रिकूट अगदी हळुवार वाजवते. ‘मदर टंग्ज’ ही लांबलचक रचना त्याच्या उलट टोकाची. तिच्यात तबला, ड्रम, बादली आणि तोंडाने म्हटलेले बोल असे सगळे येते. कर्नाटक संगीतातल्या कोन्नक्कोल पद्धतीने मॅक्लॉफलिन आणि गुर्टू मैफलीत एकमेकांना बोलांत सवालजवाब करत. तमाशाच्या फडात ढोलकीला घुंगरांनी दिलेले उत्तर ऐकून वाढलेल्या श्रोत्याला हा प्रकार अजिबात परका वाटणार नाही. पुढचा स्टुडिओ अल्बम ‘के अलेग्रिया’ (१९९२) उत्तम आहे, पण लंडनच्या त्या रात्रीची धग त्याच्यात नाही.

नंतरची ध्वनिमुद्रणे : डॉन चेरी १९९५ मध्ये वारले. ‘द ग्लिम्प्स’ हा अल्बम गुर्टूंनी त्यांच्या स्मरणार्थ केला आणि ‘कथक’वर (१९९८) नेने चेरी या त्यांच्या सावत्र मुलीचा आवाज घेतला. यानंतर ते आफ्रिकेकडे वळले. ‘आफ्रिकन फँटसी’वर आंजेलिक किजो आणि उमू सांगारे, तर ‘द बीट ऑफ लव्ह’वर (२००१) सालिफ केता गातात. आफ्रिकेतली आणि भारतातली लय एकमेकांना सहज ओळखतात हे या अल्बमांतून पटते. मात्र गाणी पुढे येतात आणि रचनाकार थोडा मागे राहतो. त्याच सुमारास बासवादक बिल लॅस्वेल आणि झाकिर हुसेन यांनी ‘तबला बीट सायन्स’ हा गट उभा केला. त्याच्या ‘ताला मॅट्रिक्स’वर (२०००) गुर्टूंसोबत तल्विन सिंग आणि कर्ष काळे आहेत. इलेक्ट्रॉनिक नृत्यसंगीतातल्या रॉबर्ट माइल्स यांच्याबरोबर केलेला ‘माइल्स गुर्टू’ २००४ चा.

‘ब्रोकन रिदम्स’ (२००४) मध्ये तुवाचे कंठगायक ‘हुन-हुर-तू’, इटलीचे ‘आर्के’ तंतुवाद्य चतुष्क आणि आयरिश गिटारवादक गॅरी मूर एकत्र आले. त्यात गर्दी थोडी जास्त झाली आहे. ‘आर्के’बरोबरचा स्वतंत्र अल्बम ‘आर्किऑलॉजी’ (२००६) हा त्याहून सरस. व्हायोलिन आणि चेलो यांनाच तालवाद्यासारखे बोलते करण्याचे काम तिथे मोकळेपणाने झाले. ‘मॅसिकल’ (२००९) नंतर ‘ट्वेंटीवन स्पायसेस’ (२०११) आला. त्यात ब्रिटिश ड्रमवादक सायमन फिलिप्स आणि हॅम्बुर्गचा एनडीआर बिग बँड आहे. पितळी वाद्यांचा एवढा मोठा ताफा समोर असूनही तबल्याचा ‘ना’ स्वच्छ ऐकू येतो, याचे श्रेय वादकाइतकेच ध्वनिमुद्रकाला आहे. ‘स्पेलबाउंड’ (२०१३) हा ट्रम्पेटवादकांना केलेला मुजरा. चेरी, डिझी गिलेस्पी आणि माइल्स डेव्हिस यांच्या आठवणीत पाओलो फ्रेझू, इब्राहिम मालूफ आणि निल्स पेटर मोल्व्हेर वाजवतात. तालवादकाने एका वेगळ्याच वाद्याच्या परंपरेला अल्बम वाहावा, आणि तोही जाझमधले आपले मार्गदर्शक चेरी यांना केंद्रस्थानी ठेवून, हे त्यांच्या स्वभावाशी सुसंगत आहे. ‘गॉड इज अ ड्रमर’ २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. दरम्यानच्या काळात यान गारबारेक यांच्या वाद्यवृंदाबरोबर त्यांनी युरोपभर दौरे केले. त्या मैफलींत मध्येच कुठेतरी सगळे वादक बाजूला होतात आणि गुर्टू एकटेच तबला, ड्रम आणि बादली घेऊन बराच वेळ वाजवतात.