अण्वस्त्रांचा धाक आणि मर्यादित युद्ध : कारगिलचा अन्वयार्थ

मे १९९८ मध्ये भारत व पाकिस्तान या दोन्ही राष्ट्रांनी अणुचाचण्या केल्या. अण्वस्त्रांच्या परस्पर धाकामुळे युद्ध टळेल, असा युक्तिवाद तेव्हा मांडला गेला. परंतु वर्षभरातच, १९९९ मध्ये, कारगिलचा संघर्ष उद्भवला. भारतीय हवाई दलास नियंत्रण रेषा न ओलांडण्याचा आदेश होता. अर्थात, या धाकाने युद्ध टळले नाही. त्याची व्याप्ती मर्यादित राहण्यास मात्र हातभार लागला. शिखरे परत मिळविली ती पायदळ व तोफखान्याने. जानेवारी २००३ मध्ये घोषित झालेल्या भारतीय अण्वस्त्रधोरणात प्रथम वापर न करण्याचे आणि अण्वस्त्रहल्ला झाल्यास प्रचंड प्रत्याघाताचे तत्त्व आहे. घुसखोरीस मात्र त्यात उत्तर नाही. म्हणूनच अण्वस्त्रे ही पारंपरिक सैन्यसज्जतेस पूरक ठरतात, पर्यायी नव्हे.