उसन्या पैशांचा कॅमेरा

आज गोष्ट योनास मेकासची.

लिथुआनियातल्या सेमेनिश्किआई खेड्यातला हा शेतकऱ्याचा मुलगा. १९४४ मध्ये धाकट्या भावासोबत, अडोल्फाससोबत, व्हिएन्नाला निघाला. जर्मनीत ट्रेन अडवली गेली आणि नाझींनी दोघांना हॅम्बर्गजवळच्या मजूर छावणीत टाकलं. युद्ध संपलं, पण लिथुआनिया सोव्हिएत ताब्यात. मग काही वर्षं निर्वासितांच्या छावण्यांत काढून १९४९ मध्ये दोघं न्यूयॉर्कला पोचले.

तिथे काही आठवड्यांतच त्यांनी काय केलं? उसने पैसे घेऊन १६ मिमीचा बोलेक्स कॅमेरा घेतला! चावीवर चालणारा. एकदा चावी दिली की जेमतेम अर्धा मिनिट चालणार. ना स्टुडिओ, ना स्क्रिप्ट. योनास ब्रुकलिनमधल्या लिथुआनियन लोकांचं रोजचं जगणं तुकड्या-तुकड्यांत टिपत राहिला. पुढे १९६२ मध्ये त्याने मित्रांसोबत फिल्ममेकर्सची सहकारी संस्था काढली. नियम साधा: कुणाचीही फिल्म नाकारायची नाही. ज्याला कुठेच जागा नव्हती, त्यालाच हे सुचणार ना?

१९७१ मध्ये, तब्बल २७ वर्षांनी, तो आईला भेटला. ती अंगणात चूल पेटवून स्वयंपाक करतेय, तो विहिरीचं पाणी पितोय, असं सगळं १९७२ च्या फिल्ममध्ये आहे.

नोकरीसाठी घर मीही सोडलंय. पण रात्रीची बस पकडली की सकाळी मी आईसमोर असतो. स्थलांतर आणि निर्वासन यातला फरक मला इथे कळला. आणि तरी माझ्या फोनमध्ये आईचा एकही व्हिडिओ नाही.

तुमच्या फोनमध्ये आहे?