मुंबईच्या गोदीतील सागवानी जहाजे



ज्याचे सारे आयुष्य सेलूसारख्या गावी फळ्यासमोर गेले, त्याने जहाजांविषयी बोलावे हे आपणांस काहीसे विचित्र वाटेल. आमच्याकडे समुद्र म्हणजे भिंतीवरील नकाशातला निळा रंग. परंतु सागवान मात्र आमच्या चांगल्या परिचयाचे आहे. जुन्या वाड्याच्या भिंती खचतात, माळवद गळू लागते, पण सागवानी खांब आणि तुळया जागच्या हलत नाहीत. अशाच सागवानाची एक युद्धनौका इंग्लंडातील हार्टलपूल बंदरात आजही पाण्यावर तरंगत आहे. तिचे नाव त्रिंकोमाली, आणि ती बांधली गेली आपल्या मुंबईत.

प्रसिद्ध जहाजांचा विषय निघाला की कोलंबसाचे सांता मारिया, नेल्सनचे व्हिक्टरी आणि बुडालेले टायटॅनिक ही नावे मी वर्षानुवर्षे मुलांना सांगत आलो. त्या यादीत मुंबईचे एकही नाव कधी घातले नाही, ही माझी चूकच म्हणावयाची. तिचे थोडेसे परिमार्जन आज करावे असा मानस आहे.

ही हकीकत मुंबईची असली तरी तिचा आरंभ विजयदुर्गापाशी करणे इष्ट होईल. कान्होजी आंग्रे १७२९ साली वारले, तोवर कोकणच्या किनाऱ्यावर त्यांच्या गुराबांचा आणि गलबतांचा दरारा बसला होता. गुराब म्हणजे दोन किंवा तीन डोलकाठ्यांचे, उथळ पाण्यात सहज फिरणारे जहाज. त्याच्या पुढे निघालेल्या नाळेवरून समोर तोफा डागता येत. गलबत त्याहून लहान, आणि वारा पडला तर वल्ह्यांनी चालणारे. खाड्यांच्या तोंडाशी दबा धरून लढण्यास हे आरमार अजोड होते. पुढे तुळाजी आंग्रे आणि नानासाहेब पेशवे यांचे बिनसले. पेशव्यांनी इंग्रजांशी तह केला आणि फेब्रुवारी १७५६ मध्ये ॲडमिरल वॉटसनच्या जहाजांनी विजयदुर्गावर तोफा डागल्या. बंदरात रेस्टोरेशन नावाचे जहाज होते. ते इंग्रजांकडूनच पूर्वी पाडाव केलेले. त्याने प्रथम पेट घेतला आणि त्याची आग एका जहाजावरून दुसऱ्यावर अशी पसरत जाऊन बहुतेक सारे आरमार जळाले. पेशव्यांचे आरमार यानंतरही होते, आनंदराव धुळपांनी १७८३ साली इंग्रजांचे रेंजर हे जहाज जिंकले, हे विसरून चालणार नाही. तथापि आपल्याच किनाऱ्यावरील आपलेच सामर्थ्य परक्यांच्या हातून जाळून घ्यावे, यापरते दुर्दैव कोणते?

विजयदुर्गाला ही आग लागली तेव्हा मुंबईत निराळाच उद्योग चालू होता. १७३६ साली लवजी नसरवानजी वाडिया हा पारशी कारागीर काही सुतार बरोबर घेऊन सुरतेहून मुंबईस आला. कंपनीने त्याच्या देखरेखीखाली गोदी वाढविली. १७५० च्या सुमारास कोरडी गोदी तयार झाली. मुंबईस भरती मोठी येते. गोदीचे दार लावून पाणी उपसावयाचे, आत जहाज बांधावयाचे, आणि काम पुरे झाले की उधाणाच्या भरतीला दार उघडून ते पाण्यावर उचलून बाहेर काढावयाचे. निसर्गानेच येथे कामगाराची निम्मी मजुरी वाचविली होती असे म्हटले तरी चालेल.

लाकूड येई मलबारच्या रानांतून. इंग्लंडात जहाजे ओकची बांधीत. नेपोलियनशी चाललेल्या दीर्घ युद्धात ओकचा तुटवडा पडला, तेव्हा तेथील आरमाराच्या अधिकाऱ्यांना मुंबईच्या सागाची आठवण झाली. ओकमधील आम्लाने लोखंडी खिळे गंजतात. सागातील तेल त्यांचे रक्षण करते. ही गोष्ट आमच्या गावचा सुतारही सांगेल, परंतु लंडनच्या मोठ्या लोकांना ती पटण्यास लढाई व्हावी लागली!

लवजींचा वंशज जमशेटजी बमनजी वाडिया याने १८१० साली मिंडेन हे ७४ तोफांचे जहाज पाण्यात उतरविले. १८१३ साली त्याच्याच हातून कॉर्नवॉलिस निघाले. नंतर त्रिंकोमालीची पाळी आली. तिचे नकाशे घेऊन निघालेले जावा नावाचे इंग्रजी जहाज १८१२ च्या अखेरीस अमेरिकेच्या कॉन्स्टिट्यूशनने ब्राझीलच्या किनाऱ्याजवळ पकडले, म्हणून नकाशे पुन्हा पाठवावे लागले. गंमत अशी की ते कॉन्स्टिट्यूशनही बोस्टनला अद्याप तरंगत आहे. १८१६ साली काम सुरू झाले, त्या वेळी पारशी रिवाजाप्रमाणे जमशेटजींनी जहाजाच्या कण्यात रुप्याचा खिळा ठोकला. १२ ऑक्टोबर १८१७ रोजी ती पाण्यावर आली.

ही तारीख ध्यानात ठेवावी. यानंतर अवघ्या चोवीस दिवसांनी, ५ नोव्हेंबर रोजी, खडकीची लढाई झाली आणि १७ तारखेस शनिवारवाड्यावर इंग्रजांचे निशाण चढले. मुंबईत हिंदी सुतारांनी इंग्रजांना उत्तम जहाज करून दिले, आणि त्याच महिन्याच्या आगेमागे पुण्यातील राज्य गेले. एका गोष्टीमुळे दुसरी घडली असे मी म्हणत नाही. पण हाताचे कसब शाबूत असताना राज्य जाऊ शकते, हे या दोन तारखा शेजारी शेजारी मांडल्या की जसे कळते तसे पुस्तकभर विवेचनाने कळत नाही.

१८१९ च्या जानेवारीत त्रिंकोमाली सेंट हेलिना बेटावर थांबली. नेपोलियन तेव्हा तेथेच कैदेत होता. ज्याच्या धास्तीने तिची मागणी झाली तो असा निरुपद्रवी होऊन बसला होता! इंग्लंडास पोचल्यावर तिचे काम उरलेच नाही. सुमारे पाव शतक ती नुसती बांधून ठेविली होती. पुढे काही वर्षे अटलांटिक आणि पॅसिफिक महासागरांत फिरली, शिकाऊ खलाशांची शाळा झाली, १८९७ साली विकली गेली, फूद्रॉयांत या दुसऱ्याच नावाने अनेक वर्षे वावरली. १९८७ साली ती हार्टलपूलला आणली गेली आणि दुरुस्तीत तिला मूळचे नाव परत मिळाले. २००१ साली दुरुस्ती संपली.

तिच्या बहिणींच्या नशिबी मात्र मोठे प्रसंग आले. १८२४ सालचे एशिया हे ८४ तोफांचे जहाज २० ऑक्टोबर १८२७ रोजी नॅव्हरिनोच्या लढाईत ॲडमिरल कॉड्रिंग्टनचे मुख्य जहाज होते. केवळ शिडाच्या जहाजांनी लढलेली ही अखेरची मोठी लढाई, आणि तिने ग्रीसच्या स्वातंत्र्याची वाट मोकळी केली. उलट कॉर्नवॉलिसवर २९ ऑगस्ट १८४२ रोजी नानकिंगचा तह झाला आणि चीनला हाँगकाँग सोडून द्यावे लागले. ते युद्ध अफूसाठी झाले होते, आणि माळव्याची अफू मुंबई बंदरातूनच चीनला जात असे. म्हणजे अफूही या बंदरातून गेली आणि तहाचे जहाजही येथलेच. मुंबईकर सुतारांच्या कौशल्याचा अभिमान मला आहे. पण कॉर्नवॉलिसची गोष्ट सांगताना आवाज आपोआप खाली येतो.

मुंबईच्या जहाजांचे यश थेम्सकाठच्या जहाजबांधणाऱ्यांना रुचले नाही. हिंदी जहाजांना आणि त्यांवरील हिंदी खलाशांना जाचक ठरणारे कायदे विलायतेत झाले. त्यातच वाफ आली, मग लोखंड आले. मलबारचा साग जितका टिकाऊ तितकाच निरुपयोगी ठरला. मुंबईच्या माझगाव गोदीत नीलगिरी ही युद्धनौका १९६८ साली पाण्यात उतरली, तेव्हा तिच्यावर निशाण आपले होते. ती पोलादाची होती.

विजयदुर्गाजवळ वाघोटणच्या खाडीलगत मराठ्यांच्या काळातील, खडकात खोदलेली गोदी आहे. भरतीचे पाणी अजूनही तिच्या तोंडाशी येते. आमच्या शाळेची सहल एकदा कोकणात गेली असताना मुलांनी विचारले होते की, गुरुजी, येथली जहाजे कोठे गेली? त्या वेळी मी फक्त १७५६ च्या आगीची गोष्ट सांगितली होती.