ओळखीचा राम, अनोळखी राम

पेडणे आणि डिचोली हे गोव्याच्या नव्या काबिजादींतले तालुके. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात ते पोर्तुगीज अमलाखाली गेले. पण जुन्या काबिजादींतल्यासारखी येथील देवळे सरसकट मोडली गेली नाहीत. दिवाडीहून हलवलेला सप्तकोटेश्वर नार्व्यात राहिला, जत्रा राहिल्या, आणि जत्रांबरोबर दशावतारही. दूरदर्शनने येथल्या घरांचे काय केले, याचा विचार आम्हांला म्हणूनच दशावतारापासून सुरू करावा लागतो.

दशावताराला लिखित संहिता नसते. कथानक ठरलेले, संवाद उत्स्फूर्त. संकासुराच्या गमती आटोपल्या की आख्यान लागे, ते पहाटेपर्यंत. मुकुट चढवलेला राम दिवसा शेतात राबणारा आहे, हे प्रेक्षकांना ठाऊक असे. उजाडता रंग पुसून तोच चहाला बसे. त्याने भक्ती उणावत नसे. सोंग आणि माणूस ही दोन्ही एकाच वेळी मनात बाळगण्याची सवय मात्र पिढ्यान्‌पिढ्यांची होती.

२५ जानेवारी १९८७ रोजी रामानंद सागरांची ‘रामायण’ मालिका सुरू झाली. ३१ जुलै १९८८ पर्यंत रविवारी सकाळी देशभर कितीतरी घरांत संचाला हार पडले, उदबत्त्या लागल्या. हा राम कोणाच्या ओळखीचा नव्हता. त्याला रंग पुसताना कोणी पाहिले नव्हते. त्या हारांना भाबडेपणा म्हणून हसणे सोपे आहे. आम्हांला वाटते, जुनी सवयच तेथे निरुपयोगी ठरली.

भाषेचे प्रकरण अधिक गुंतागुंतीचे. चुलीपाशी कोकणी आणि पोथी, भजन, नाटक, वर्तमानपत्र यांत मराठी, अशी येथे स्थूलमानाने वाटणी होती. (राजभाषा कायदाही १९८७ सालचाच, त्या वादात ही घरातली वाटणी फारशी कोणी विचारात घेतली नाही.) १९९९ मध्ये अल्फा मराठी वाहिनी आली आणि सासूसुनांची भांडणे रोज तिन्हीसांजेनंतर मराठीत होऊ लागली. नाटकातही ती होत. पण नाटक वर्षातून एकदा, मांडवात. ही मराठी पुण्यामुंबईची होती, आणि ती थेट स्वयंपाकघराच्या दारापर्यंत पोचली.

ओसरीचे तोंड वाटेकडे असते. संच आतल्या खोलीत गेला, आणि घर ओसरीकडे पाठ करून बसू लागले. आल्या माणसाला ‘बसा’ म्हणताना दाखवलेली जागाही मग संचाकडे तोंड असलेली.